कोणाला काहीच झालं नाही, मग सांगू कशाला?

वऱ्हाडातल्या एका तालुक्याच्या गावाहून, तिथल्या ग्रामीण रुग्णालयातल्या स्टाफ नर्सचं पत्र आलं आहे. नाव-गाव त्यांच्या विनंतीवरून गाळलं आहे. पत्र मोठं आहे, त्यातला मुख्य भाग असा :

"मॅडम, मी एनएचएममध्ये (राष्ट्रीय आरोग्य अभियानात) कंत्राटी आहे. ऑर्डर अकरा महिन्यांची असते, पुढची निघायची आहे. गोष्ट मे महिन्यातली. नाइटला मी आणि एक मावशी, दोघीच. रात्री दीडच्या सुमाराला डिलिव्हरी झाली. बाळ चांगलं रडलं. पण बाईचं ब्लीडिंग थांबेना. ऑक्सिटोसिन दिलेलं होतं. डॉक्टर क्वार्टरवर होते, त्यांना फोन केला. ते म्हणाले, बीपी बघा आणि मेथर्जिन द्या, मी निघालोच. फ्रिजमधून मेथर्जिन काढलं, त्याच डब्यातून बाळाचं 'व्हिटॅमिन के'सुद्धा काढलं, म्हटलं एकदाच काम होईल. तेवढ्यात लाइट गेली. इन्व्हर्टरवर एकच ट्यूब लागते. मी छोट्या सिरिंजमध्ये इंजेक्शन भरलं, बाळाच्या मांडीला स्पिरिट लावलं. मग मनात आलं, आधी बाईचं देऊन टाकू. ट्रेमधली दुसरी अँप्यूल (औषधाची काचेची कुपी) हातात घेतली तर ती व्हिटॅमिन केची. म्हणजे सिरिंजमध्ये मेथर्जिन होतं. हातपाय गळाले माझे. सिरिंज फेकली, सगळं नव्याने भरलं. डॉक्टर आले, बाई ठीक झाली. तिसऱ्या दिवशी मायलेकरू घरी गेले.

सकाळी इन्चार्ज सिस्टरांना सांगितलं. त्या म्हणाल्या, 'काही झालं नाही ना? मंग कायले कागद काळे करतं? कोनाले सांगू नोको, तुही ऑर्डर निघाची हाय.' त्यांचंही बरोबर वाटते. पण झोप लागत नाही, रोज तेच विचार करून राहिली. नवीन दोन मुली जॉइन झाल्या, त्यांच्याही नाइट लागल्या. सांगू की नको? मेमो मिळेल का? पोलीस केस होते का? त्या बाईला सांगायला पाहिजे होतं का? हे काम सोडून द्यावं का?"

सिस्टर,

सांगा. ऑर्डर निघेपर्यंत थांबू नका, याच आठवड्यात सांगा. कोणाला आधी, कोणत्या शब्दांत, हे पुढे सविस्तर लिहिते, कारण मेमोची भीती खोटी नाही. पण त्याआधी तुमचंच पत्र पुन्हा एकदा वाचू या. स्वतःला दोष देण्याच्या भरात तुम्ही त्यात फार मोलाची माहिती लिहून गेला आहात, आणि तिच्याकडे तुमचंच लक्ष गेलेलं दिसत नाही.

मेथर्जिन गर्भाशय आवळून धरतं, रक्तवाहिन्याही आवळतं. म्हणूनच डॉक्टरांनी आधी बीपी बघायला सांगितलं. तेच औषध नवजात बाळाच्या अंगात गेलं तर श्वास मंदावतो, झटके येतात, लघवी कमी होते. बाळं दगावलीही आहेत. व्हिटॅमिन केच्या जागी मेथर्जिन जाण्याचे प्रकार वेगवेगळ्या देशांतल्या प्रसूतिगृहांतून वैद्यकीय नियतकालिकांत नोंदले गेले आहेत. सिस्टर वेगळ्या, दवाखाने वेगळे, घटना मात्र बरीचशी तुमच्यासारखीच. इतक्या ठिकाणी तेच घडत असेल तर कारण एखादीच्या गाफीलपणात शोधून सापडणार नाही. दोन्ही औषधं उजेडाने खराब होतात, म्हणून दोन्ही तपकिरी काचेत येतात. दोन्ही अँप्यूल लहान, नावं बारीक इंग्रजी अक्षरांत. आणि दोन्ही लागतात बाळ जन्मल्यानंतरच्या त्याच घाईत, एकीला आईसाठी जायचं असतं आणि दुसरीला बाळासाठी.

आता तुमच्या फ्रिजकडे येऊ. मेथर्जिन २ ते ८ अंशांत ठेवावंच लागतं. व्हिटॅमिन केला फ्रिज लागत नाही, उजेडापासून दूर आणि फार गरम नसलेल्या जागी ते नीट राहतं. मग ते मेथर्जिनच्या डब्यात गेलं कसं? माझा अंदाज सांगते. मे महिन्यात आपल्याकडे पारा ४५ च्या वर जातो. औषधं ठेवायच्या खोलीत दुपारी उभं राहवत नाही. कोणीतरी चांगल्या हेतूनेच, औषध खराब होऊ नये म्हणून, ते उचलून फ्रिजमध्ये ठेवलं असणार, आणि फ्रिजमध्ये जागा कमी म्हणून त्याच डब्यात. म्हणजे ही घटना त्या रात्री दीड वाजता सुरू झाली नाही. ती उन्हाळा लागला तेव्हाच सुरू झाली होती. मग लाइट गेली, नाइटला एकच सिस्टर होती, डॉक्टरांची सूचना फोनवर आली, बाईचं रक्त जात होतं. तुमचा हात या सगळ्याच्या शेवटी आला. तो डबा आजही तसाच असेल तर पुढचा हात त्या नव्या मुलींपैकी एकीचा असेल, आणि तिला आईचं इंजेक्शन आधी द्यावं असं ऐनवेळी सुचेलच याची काही शाश्वती नाही.

दुसऱ्या महायुद्धातली एक हकीकत इथे आठवते. अमेरिकेच्या बी-१७ या बॉम्बफेकी विमानांचे वैमानिक धावपट्टीवर सुखरूप उतरल्यावर पंखांच्या झडपा मिटायच्या म्हणून चुकून चाकं वर घ्यायचे, आणि विमान पोटावर आपटायचं. चांगले, अनुभवी वैमानिक. ठपका अर्थातच त्यांच्यावर. १९४३ मध्ये अल्फॉन्स चॅपॅनिस या मानसशास्त्रज्ञाने कॉकपिटमध्ये जाऊन पाहिलं, तर चाकांचा खटका आणि झडपांचा खटका शेजारी शेजारी, हाताला अगदी सारखे. त्याने चाकांच्या खटक्याला रबराचं छोटं चाक बसवलं आणि झडपांच्या खटक्याला पाचरीचा आकार दिला. अंधारात, थकलेल्या हातालाही फरक कळू लागला. आजही विमानात चाकांच्या दांड्याला चाकाचाच आकार असतो. वैमानिकांना "काळजी घ्या" असं परिपत्रक काढून हे साधलं नसतं. पण खटका बदलण्याआधी कोणाला तरी सांगावं लागलं होतं की माझा हात चुकीच्या खटक्यावर गेला.

आपल्या जवळचं उदाहरण हवं असेल तर ३१ जानेवारी २०२१ चं घ्या. पल्स पोलिओचा दिवस. यवतमाळ जिल्ह्यात घाटंजी तालुक्यातल्या एका गावात पाच वर्षांखालच्या १२ मुलांना पोलिओऐवजी हँड सॅनिटायझरचे थेंब पाजले गेले. मुलांना यवतमाळच्या शासकीय वैद्यकीय महाविद्यालयात दाखल करावं लागलं, सुदैवाने सगळी बरी झाली. बूथवरच्या तिघांवर कारवाई झाली. बारा घरांतल्या आईबापांनी त्या रात्री काय सोसलं असेल, ते मी कमी लेखत नाही. पण मला आठवते ती सगळी चर्चा कारवाईचीच, कोण सस्पेंड झालं आणि कोण सुटलं याची. कोविडच्या त्या दिवसांत प्रत्येक बूथवर सॅनिटायझर असणं भागच होतं. लसीच्या टेबलावर ते ठेवायचं की टेबलाखाली, पंपाच्या बाटलीत की साध्या, तोंडात जाणारी कोणतीही वस्तू असलेल्या टेबलावर ते असावंच का, हे प्रश्न दुसऱ्या दिवशी जिल्ह्यातल्या प्रत्येक बूथवर विचारले जायला हवे होते. त्याआधी एखाद्या बूथवर कोणाचा हात चुकीच्या बाटलीकडे जाऊन मागे आला असेल, तर तिनेही तुमच्यासारखंच गप्प बसायचं ठरवलं असेल. तिला दोष देता येत नाही, तिच्यासमोर तिघांचं उदाहरण यायचंच होतं.

भंडाऱ्याचंही तेच. ९ जानेवारी २०२१ च्या पहाटे जिल्हा रुग्णालयाच्या नवजात कक्षाला आग लागली आणि १० बाळं गेली. त्यानंतर राज्यभर रुग्णालयांच्या फायर ऑडिटचे आदेश निघाले. आपल्याकडे हिशोब असा जीव गेल्यावर सुरू होतो. तुमच्या फ्रिजचा हिशोब एकाही लेकराला ओरखडा न येता करता येतो आहे, म्हणून मी इतक्या आग्रहाने लिहिते आहे.

आता सांगायचं कसं. तोंडी सांगू नका, लेखी द्या. तोंडी सांगितलेलं दुसऱ्या दिवशी "त्या सिस्टरकडून चूक झाली" एवढंच होऊन फिरतं. आणि लिहिताना माफीनामा लिहू नका. "माझ्याकडून अनवधानाने चूक झाली, यापुढे काळजी घेईन" हे आपल्याला शाळेपासून लिहायची सवय असते. असा कागद गेला की वाचणाऱ्याचं काम संपतं, तो फायलीला लागतो आणि फ्रिज तसाच राहतो. जे घडलं ते ज्या क्रमाने घडलं तसं लिहा. काय दिसत होतं, काय हातात होतं, कोण होतं, कोण नव्हतं. मत नको, विशेषणं नकोत. विमानदलातल्या अशाच अनुभवांच्या अभ्यासातून जॉन फ्लॅनगन यांनी १९५४ मध्ये घटना टिपण्याची जी पद्धत मांडली, तिचा गाभा एवढाच आहे : माणसाला "तुमचं काय मत" असं न विचारता "नेमकं काय केलंत, तेव्हा काय परिस्थिती होती" असं विचारायचं. नमुना म्हणून मी असं लिहीन :

"विषय : प्रसूतिगृहातील औषध साठवणुकीबाबत, थोडक्यात टळलेली घटना. रात्रपाळीत प्रसूतीनंतर मातेचा रक्तस्राव वाढल्याने दूरध्वनीवरील सूचनेनुसार मेथर्जिन देण्याची तयारी सुरू होती. त्याच वेळी बाळाला व्हिटॅमिन के द्यायचे होते. दोन्ही औषधांच्या लहान तपकिरी अँप्यूल फ्रिजमध्ये एकाच डब्यात होत्या. वीज गेल्याने प्रकाश अपुरा होता. पाळीत एक परिचारिका व एक सेविका होत्या. बाळासाठीच्या सिरिंजमध्ये मेथर्जिन भरले गेले. देण्यापूर्वी ट्रेमधील उरलेली अँप्यूल पाहिल्यावर हे लक्षात आले व सिरिंज नष्ट केली. माता व बाळ दोघांनाही इजा नाही. पुन्हा असे घडू नये यासाठी पुढील बदल सुचवीत आहे."

बघा, "मी चुकले" हे वाक्य त्यात कुठेच नाही, तरी काहीही लपवलेलं नाही. रुग्णाचं नाव घालू नका, केस पेपरचा नंबर पुरे. पाळीत किती जणी होत्या हे मात्र आवर्जून लिहा. इंजेक्शन दोघींनी तपासावं असं शिकवलं जातं. रात्री सिस्टरच एक असेल तर दुसरी आणायची कुठून, हे वरच्यांना कोणीतरी लिहून कळवल्याशिवाय त्यांच्या कागदावर येत नाही.

बदल सुचवताना थोडं थांबून विचार करा, इथेच बहुतेक अहवाल वाया जातात. "सर्वांना सूचना देण्यात आल्या", "प्रशिक्षण घेण्यात येईल" असल्या ओळी सोप्या असतात आणि त्यांचा परिणाम फार तर पंधरा दिवस टिकतो. तुम्हाला मेथर्जिन कोणतं आणि व्हिटॅमिन के कोणतं हे माहीत नव्हतं का? पुरेपूर माहीत होतं. ट्रेनिंगने काय भर पडणार? वस्तूची जागा बदलेल असं काहीतरी मागा. प्रसूतिगृहातले सात ट्रे तुम्हाला पाठ असतील. त्यात बाळाचा ट्रे वेगळा आहे, आणि व्हिटॅमिन केची जागा त्या ट्रेमध्ये आहे. ते फ्रिजमधून बाहेर काढून तिथे गेलं की अर्धी लढाई झाली. उन्हाळ्यात खोली फारच तापत असेल आणि फ्रिजशिवाय इलाज नसेल, तर झाकणाचा वेगळा डबा, वेगळ्या कप्प्यात, त्यावर मराठीत मोठ्या अक्षरांत "बाळाचे". मेथर्जिनच्या डब्यावर लाल पट्टी आणि "फक्त आईसाठी". मराठीत यासाठी, की मावशींनाही वाचता यावं. मावशी इंजेक्शन भरणार नाहीत, पण "सिस्टर, हा तर लाल डबा आहे" एवढं त्या नक्की म्हणू शकतात.

याहून मोठा बदल वेळेचा आहे, आणि त्याला एक पैसा लागत नाही. व्हिटॅमिन के ही घाईची गोष्टच नाही. पहिला तास बाळ आईच्या छातीशी असावं, दूध ओढावं. इंजेक्शन त्यानंतर दिलं तरी चालतं, फक्त २४ तासांच्या आत जायला हवं. मग बाईला रक्तस्राव होत असताना बाळाची अँप्यूल बाहेर काढायचीच कशाला? "आईचं सगळं स्थिर झाल्याशिवाय बाळाचं व्हिटॅमिन के काढायचं नाही" हा एक नियम तुमच्या प्रसूतिगृहात लागू झाला, तर दोन्ही अँप्यूल एका ट्रेमध्ये येण्याचा प्रश्नच उरणार नाही. शिवाय भरलेली सिरिंज लेबलशिवाय खाली ठेवायची नाही, चिकटपट्टीवर पेनने नाव लिहिलं तरी पुरे, आणि इंजेक्शन देऊन होईपर्यंत रिकामी अँप्यूल सिरिंजसोबतच ठेवायची. फोनवर सूचना आली की औषधाचं नाव आणि मात्रा डॉक्टरांना परत म्हणून दाखवायची. बॉस्टनमध्ये जेफ्री कूपर आणि सहकाऱ्यांनी भूल देणाऱ्या डॉक्टरांना त्यांच्या टळलेल्या आणि घडलेल्या चुका विचारल्या आणि १९७८ मध्ये त्यांतल्या ३५९ घटनांचा अभ्यास छापला. भूल देणारे तज्ज्ञ आणि मोठं शहर असूनही त्यात सिरिंजची अदलाबदल होतीच.

आता तुमच्या इन्चार्ज सिस्टर. त्यांच्यावर रागावू नका, त्यांना डावलून वरही जाऊ नका. "सांगू नोको" असं त्या म्हणाल्या ते तुमच्या काळजीपोटी. त्यांनी आजवर जे पाहिलं आहे त्यातून त्यांना तेवढंच सुचलं. लिहिलेला कागद आधी त्यांच्याकडे न्या आणि म्हणा, "ताई, माझं नाव पुढे करायचं म्हणून नाही, तो डबा वेगळा करायचा म्हणून. तुम्ही सोबत सही केलीत तर ते सगळ्या प्रसूतिगृहाचं म्हणणं होईल." दोन सह्यांचा कागद एका कंत्राटी मुलीच्या कागदापेक्षा वेगळा वाचला जातो. त्या नाहीच म्हणाल्या तर तुमच्या एकटीच्या सहीने वैद्यकीय अधीक्षकांच्या नावे द्या, आवक क्रमांक घ्या, पोच घेतलेली प्रत घरी ठेवा.

अधीक्षकांना हा कागद नकोसा वाटायचं कारण नाही. तुमच्या रुग्णालयाची एनक्यूएएसची, म्हणजे सरकारी दवाखान्यांसाठीच्या राष्ट्रीय गुणवत्ता मानकांच्या तपासणीची, तयारी चालू असेल, नसेल तर होईल. त्या तपासणीत धोकादायक औषधं ओळखून वेगळी ठेवली आहेत का, प्रतिकूल घटनांची नोंद होते का, हे पाहिलं जातं. कित्येक ठिकाणी ते रजिस्टर असतं पण कोरं असतं, आणि वर्षभराचं कोरं रजिस्टर बघून तपासणीला आलेल्या माणसाला खरं काय ते कळतंच. टळलेली एक घटना, तिच्यावर केलेला बदल, बदलाआधीचा आणि नंतरचा फ्रिजचा फोटो, एवढं त्यात असेल तर ते रुग्णालयाच्या बाजूचं आहे. हे त्यांना असंच सांगा. विषय रुग्णालयाच्या गुणवत्ता समितीच्या बैठकीत घ्या अशी विनंती कागदातच करा, म्हणजे तो इतिवृत्तात येतो.

हे सदर वाचणाऱ्या अधीक्षकांशी आणि तालुका-जिल्ह्याच्या अधिकाऱ्यांशीही मला बोलायचं आहे. माता मृत्यू अन्वेषणाच्या बैठकांना मी बसत आले आहे. नाव घ्यायचं नाही, दोष द्यायचा नाही, हे तत्त्व त्या मार्गदर्शक सूचनांतच आहे. मरणाच्या दारातून परत आलेल्या मातांच्या प्रकरणांचा असाच आढावा घ्यावा म्हणून केंद्र सरकारने २०१४ मध्ये वेगळ्या सूचनाही काढल्या. आणि तरी बैठक सुरू होऊन थोडा वेळ जात नाही तोच कोणीतरी विचारतं, "ड्युटीवर कोण होतं?" त्या एका प्रश्नानंतर खोलीतली प्रत्येक सिस्टर मनाशी ठरवते की आपण काही बोलायचं नाही. तुमच्याकडे असा कागद आला तर कृपा करून त्या आठवड्यात एकदा रात्री प्रसूतिगृहात जा. लाइट बंद करून इन्व्हर्टरच्या उजेडात त्या दोन अँप्यूल हातात धरून वाचून बघा. मग डबा बदला, आणि ज्या मुलीने लिहिलं तिला सांगा की तुझ्या कागदामुळे हे बदललं. जाणूनबुजून बेफिकिरी करणारा, दारू पिऊन ड्युटीवर येणारा, इंजेक्शन न देता दिल्याची सही करणारा, यांना वेगळं वागवा, जरूर कारवाई करा. पण त्यांची आणि ऐनवेळी थांबलेल्या या मुलीची रांग एक करू नका.

कागद तुमच्या रुग्णालयातच थांबला तर अर्धंच काम होईल. १ डिसेंबर १९७४ ला टीडब्ल्यूए कंपनीचं ५१४ क्रमांकाचं विमान वॉशिंग्टनजवळ उतरताना, नियंत्रकाच्या सूचनेचा चुकीचा अर्थ लागल्याने, डोंगरावर आदळलं, ९२ माणसं गेली. चौकशीत कळलं की काही आठवड्यांपूर्वी युनायटेड कंपनीचं विमान त्याच सूचनेच्या तशाच गैरसमजातून त्याच डोंगरावरून थोडक्यात वाचलं होतं. त्या वैमानिकांनी सांगितलं होतं, कंपनीने आपल्या इतर वैमानिकांना सावधही केलं होतं. दुसऱ्या कंपनीपर्यंत मात्र ते पोचलंच नाही. त्यानंतर १९७६ मध्ये तिथे अशा घटना कळवायची देशभराची व्यवस्था उभी राहिली. तिच्यातली एक युक्ती मला फार शहाणपणाची वाटते : कागद शिक्षा करणाऱ्या खात्याकडे जात नाही. तो नासाकडे जातो, तिथे नाव काढून टाकलं जातं, आणि दहा दिवसांच्या आत कळवलं असेल तर नकळत झालेल्या नियमभंगाचा दंडही होत नाही. आपल्याकडे ज्याच्याकडे सांगायचं त्याच्याच शेऱ्यावर ऑर्डर निघते. तुमच्या भीतीचं मूळ तिथे आहे, तुमच्या स्वभावात नाही. ही व्यवस्था बदलणं तुमच्या हातात नाही, पण तुमच्या तालुक्यातल्या बाकीच्या प्रसूतिगृहांत तोच डबा तसाच असू शकतो. मासिक बैठकीत, सिस्टरांच्या ग्रुपवर, रुग्णालयाचं आणि रुग्णाचं नाव न घेता एवढंच टाका : "मेथर्जिन आणि व्हिटॅमिन के एकाच डब्यात आहे का, बघून घ्या." जिल्ह्याच्या गुणवत्ता समितीकडे प्रत पाठवायची विनंती अधीक्षकांना करा.

एक फरक लक्षात ठेवा. औषध योग्यच दिलं आणि तरी रुग्णाला त्रास झाला, तर त्याची वाट वेगळी आहे. गाझियाबादच्या भारतीय औषधसंहिता आयोगात औषधांच्या अशा दुष्परिणामांची नोंद घेणारं राष्ट्रीय केंद्र आहे, १८००-१८०-३०२४ हा त्यांचा टोल फ्री नंबर, आणि तिथे सिस्टरसुद्धा थेट कळवू शकते. त्यांच्या फॉर्मवरच छापलेलं आहे की कळवणं म्हणजे चूक कबूल करणं नव्हे.

पोलीस केसचं मनातून काढून टाका. कोणाला इजाच झालेली नाही, तर गुन्हा कसला नोंदवणार? इजा झाली असती तरी साध्या चुकीला फौजदारी गुन्हा म्हणता येत नाही, त्यासाठी निष्काळजीपणा अतिशय ढोबळ असावा लागतो, असं सर्वोच्च न्यायालयाने डॉक्टरांच्या बाबतीत २००५ मध्ये जेकब मॅथ्यू खटल्यात सांगितलं आहे. त्या बाईला सांगायला हवं होतं का, या प्रश्नावर माझं मत असं : सुई बाळाला लागलीच नव्हती, म्हणून न सांगण्यात तुम्ही तिची फसवणूक केली नाही. पण एक थेंब जरी आत गेला असता तर त्याच क्षणी डॉक्टरांना आणि त्याच रात्री आईला, तिच्या घरच्यांना सांगणं हे कर्तव्य होतं. मेमोचा विचार तिथे मध्ये येऊ द्यायचा नसतो. बाळावर लक्ष ठेवायचं असतं, वेळेत एसएनसीयूला (आजारी नवजात बाळांच्या विशेष कक्षात) पाठवायचं असतं, आणि खरं कळल्याशिवाय पुढचा डॉक्टर उपचार कशावर करणार?

काम सोडायचा विचार सध्या बाजूला ठेवा. तुम्ही थांबलात, दुसरी अँप्यूल वाचलीत, सकाळी स्वतःहून सांगितलंत, आणि आता इतक्या दिवसांनी नव्या मुलींची काळजी करत आहात. प्रसूतिगृहाला अशीच माणसं लागतात. झोप न लागणं, ते दृश्य पुन्हा पुन्हा डोळ्यांपुढे येणं, हे अशा रात्रीनंतर चांगल्या सिस्टरांना आणि डॉक्टरांनाही होतं. अजून तसंच चालू असेल तर टेलिमानस या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनच्या १४४१६ या नंबरवर बोला. मोफत आहे, मराठीत बोलता येतं. नवीन मुलींना मात्र कागद जायची वाट बघू नका, पुढच्या ड्युटीला फ्रिज उघडून त्या दोन अँप्यूल त्यांच्या हातात द्या.

आणि मेमो आलाच तर? येऊ शकतो, मी खोटा धीर देणार नाही. त्यात उत्तराची मुदत लिहिलेली असते, ती चुकवू नका. उत्तर एकटीने, रडून झाल्यावर लगेच लिहू नका. इन्चार्ज सिस्टर किंवा संघटनेतल्या कोणा जाणत्या माणसाला सोबत बसवा. पोच घेतलेल्या तुमच्या कागदाची प्रत जोडा, तुम्ही स्वतःहून कळवलं त्याची तारीख पहिल्याच ओळीत येऊ द्या, आणि डबा अजून वेगळा झाला नसेल तर तेही त्याच उत्तरात लिहा. पाठवण्याआधी मसुदा मला पाठवलात तर मी वाचून देईन.